पाचटाच्या रेकसाठी पीटीओ शाफ्ट कसा निवडावा: माप, कोन आणि कव्हर

ऊस तुटून गेला की शेतात पाचटाचा जाड थर उरतो. तो पेटवून देण्याऐवजी बेलर आणून गाठी बांधणारे शेतकरी आता गावोगाव दिसतात. या गाठी बॉयलरला जातात, जळणाच्या विटा (ब्रिकेट) करणाऱ्या कारखान्यांना जातात. बेलरच्या आधी रेक चालतो. पसरलेलं पाचट ओढून तो सलग ओळ लावतो आणि ओळ नीट लागली तरच बेलर अडखळत नाही. (सगळंच पाचट उचलून शेत उघडं करू नये, खोडव्याला आच्छादन हवंच, असं माझं स्पष्ट मत आहे, पण तो वेगळा विषय.) भाताचा पेंढा, सोयाबीनचं भुसकट, लसूणघास, वाळलेलं गवत यांनाही हाच रेक लागतो.

रेक घेताना आपण त्याची रुंदी बघतो, काट्या बघतो, चाकं बघतो. पीटीओ शाफ्टचा, म्हणजे ट्रॅक्टरच्या मागच्या फिरत्या टोकाची (पीटीओची) ताकद अवजाराला पोचवणाऱ्या दांड्याचा, विषय निघाला की दुकानदार म्हणतो, "रेकला कुठं एवढी ताकद लागते, रोटाव्हेटरचाच लावा." ताकद कमी लागते हे खरं आहे. पण रेकचा शाफ्ट ताकद कमी पडली म्हणून सहसा तुटत नाही. तो चुकीच्या लांबीने, जास्त कोनाने आणि अचानक बसलेल्या झटक्याने तुटतो. आणि माणसाला ओढून घ्यायला त्याला फार अश्वशक्ती लागत नाही. त्यामुळे जाडी किती हा प्रश्न मी शेवटी विचारतो. आधी लांबी, कोन आणि कव्हर.

आधी हे ठरवा: शाफ्ट लागतोच का?

चक्री रेक, म्हणजे मोठी काटेरी चाकं तिरकी लावलेला, जमिनीच्या घासणीवर फिरतो. त्याला पीटीओ लागत नाही, म्हणजे शाफ्ट नाही आणि शाफ्टचा धोकाही नाही. थोडं क्षेत्र आणि सपाट रान असेल, गोळा करायचं ते गवत असेल, तर हा रेक घ्यायला मी बिनधास्त सांगेन. पाचटात मात्र त्याची अडचण होते. चाकं जमीन खरवडतात, माती आणि खडे ओळीत येतात आणि माती मिसळलेली गाठ बॉयलरवाल्याला नको असते. जायरो रेकच्या, म्हणजे गोल फिरणाऱ्या हातांच्या रेकच्या, काट्या जमिनीच्या जरा वरून फिरतात, त्यामुळे माल स्वच्छ निघतो. हा रेक पीटीओवर चालतो. इथून पुढचं सगळं त्याच्याबद्दल आहे.

दोन्ही टोकं जुळवा

आपल्याकडच्या बहुतेक ट्रॅक्टरांचा पीटीओ मिनिटाला ५४० फेऱ्यांचा आणि सहा दातांचा असतो. त्याचा व्यास १ ३/८ इंच, म्हणजे जवळपास ३५ मिलिमीटर. १००० फेऱ्यांच्या पीटीओला याच व्यासात २१ दात असतात. दातांची संख्या मुद्दामच वेगळी ठेवलेली आहे, जेणेकरून ५४० चं अवजार १००० वर चुकूनही चढू नये. म्हणून मध्ये अ‍ॅडॉप्टर घालून ते चढवू नका. ५४० साठी बनवलेला रेक १००० वर फिरला तर काट्या उडतात, गिअरबॉक्स जातो. शिवाय अ‍ॅडॉप्टरने शाफ्टचा जोड ट्रॅक्टरपासून लांब जातो आणि पीटीओच्या बेअरिंगवर आडवा भार पडतो.

काही ट्रॅक्टरांवर '५४० ई' ही जोड असते. त्यात इंजिन कमी फेऱ्यांवर असतानाच पीटीओ ५४० देतो. रेकसारख्या हलक्या कामाला ही सोय उत्तम आहे, डिझेल वाचतं. पण लिव्हर कुठल्या खाचेत आहे हे रोज सकाळी बघून घ्या. '५४० ई' वर ठेवून सवयीने नेहमीएवढा थ्रॉटल दिला तर रेक ठरलेल्या वेगाच्या पुढे पळतो.

रेकच्या गिअरबॉक्सचा शाफ्टही बहुधा सहा दातीच असतो. तरी दात मोजा आणि व्यास व्हर्निअरने बघा. डोळ्यांवर विसंबू नका.

कोन: शाफ्टचं आयुष्य इथं ठरतं

जॉइंट म्हणजे बेचक्यासारखे दोन योक आणि त्यांना जोडणारा अधिकच्या चिन्हासारखा क्रॉस. क्रॉसच्या चारही टोकांवर सुयांच्या बेअरिंगचे कप असतात. अशा साध्या क्रॉसच्या जॉइंटचा एक स्वभाव आहे. तो सरळ असेल तर इकडचा वेग तिकडे जसाच्या तसा पोचतो. वाकला की प्रत्येक फेरीत तो पुढचा भाग दोनदा पळवतो आणि दोनदा मागे खेचतो. १५ अंशांच्या कोनात ५४० फेऱ्यांचा वेग ५२२ ते ५५९ च्या दरम्यान झुलतो. ३० अंशांवर हाच झोका ४६८ ते ६२४ होतो. ५४० म्हणजे सेकंदाला ९ फेऱ्या, म्हणजे हा ओढा सेकंदाला १८ वेळा बसतो. शाफ्ट 'घर्रर' वाजतो तो या ओढ्यामुळे, आणि क्रॉसच्या सुया त्यातच झिजतात.

शाफ्टच्या दोन्ही टोकांना जॉइंट असतो तो यासाठीच. पहिल्या जॉइंटने घातलेला झोका दुसऱ्याने काढून घ्यायचा. हे जमायला दोन अटी आहेत. दोन्ही टोकांचे कोन सारखे हवेत, आणि मधल्या नळ्यांवरचे दोन्ही योक एका रेषेत हवेत.

कोन मोजायला यंत्र लागत नाही. ट्रॅक्टर बंद करून दोन्ही क्रॉसमधलं अंतर टेपने मोजा. मग पीटीओच्या मध्यापासून जमिनीपर्यंतची उंची आणि गिअरबॉक्सच्या शाफ्टची उंची मोजून दोन्हींतला फरक काढा. फरक अंतराच्या चौथ्या हिश्शाएवढा असेल तर कोन साधारण १५ अंश. तिसऱ्या हिश्शाएवढा असेल तर २० च्या आत-बाहेर. निम्म्याएवढा असेल तर ३० अंश. उदाहरणार्थ, दोन क्रॉसमध्ये ७०० मिलिमीटर आणि उंचीत १८० मिलिमीटरचा फरक असेल तर तुम्ही १५ अंशांवर आहात, काम चांगलं चालेल. फरक ३५० असेल तर शाफ्ट कितीही भारी घ्या, तो टिकणार नाही.

कामाच्या स्थितीत १५ अंशांच्या आत राहायचा प्रयत्न करा. २० ते २५ पर्यंत शाफ्ट सोसतो, पण आयुष्य घटतं. बांधापाशी रेक उचलल्यावर कोन एकदम वाढतो आणि खरं नुकसान तिथंच होतं. आपली शेतं लहान, तास आखूड, त्यामुळे रेक सारखा वरखाली होतो. पीटीओ चालू ठेवून लिफ्ट पूर्ण वर ओढायची सवय बऱ्याच ड्रायव्हरांना असते. यावर दोन उपाय आहेत. एक, उचलायच्या आधी पीटीओ सोडायचा. दोन, लिफ्टच्या लिव्हरला थांबा असेल तर तो अशा जागी घट्ट करायचा की रेक वळण्यापुरताच उचलला जाईल. मी दोन्ही करायला सांगतो, कारण ऊन चढल्यावर ड्रायव्हर पहिला उपाय विसरतो.

दोन्ही टोकांचे कोन सारखे ठेवायचं काम टॉप लिंकचं, म्हणजे ट्रॅक्टर आणि रेक जोडणाऱ्या वरच्या, लांबी बदलता येणाऱ्या दांड्याचं. रेक कामाच्या उंचीवर टेकवा आणि बाजूने बघा. पीटीओचा शाफ्ट आणि गिअरबॉक्सचा शाफ्ट एकमेकांना समांतर दिसले पाहिजेत. गिअरबॉक्स नाक वर करून किंवा खाली घालून बसला असेल तर टॉप लिंक फिरवून तो समांतर आणा. लोक टॉप लिंक काट्यांची उंची जुळवण्यापुरती वापरतात आणि शाफ्टचा विचारच करत नाहीत. काट्यांची उंची आधी चाकांच्या समायोजनावर बसवा, टॉप लिंक शाफ्टसाठी राखा.

लिफ्टच्या खालच्या दोन्ही आर्मना आडवं झुलू न देणाऱ्या साखळ्या (चेक-चेन) सैल ठेवू नका. सरी-वरंब्यावरून जाताना रेक आडवा झुलला की कोन बाजूनेही पडतो. वर-खालचा आणि आडवा असे दोन्ही कोन जॉइंटवर एकत्रच येतात.

ओढायचा रेक असेल, म्हणजे लिफ्टवर न चढता दांडीला लावलेला, तर वळताना शाफ्ट आडवा मोडतो. अशा रेकला ट्रॅक्टरच्या बाजूला वाइड-अँगल जॉइंट लागतो. तो जरा वेळ ७० अंशांच्या पुढेही जाऊ शकतो आणि वेगात झोका आणत नाही. पण त्याच्या दुसऱ्या टोकाला साधाच जॉइंट असतो, आणि त्या टोकाचा झोका काढून घ्यायला आता जोडीदार उरलेला नाही. म्हणून ते टोक जवळपास सरळच राहिलं पाहिजे. दांडीची पिन पीटीओच्या टोकापासून ३५६ मिलिमीटरवर असावी, ५४० च्या पीटीओसाठी हेच प्रमाणित अंतर आहे. दांडी आत ढकलून पिन जवळ आणली की पहिल्याच वळणावर शाफ्ट आत दाबला जातो.

लिफ्टवरच्या रेकला वाइड-अँगलची गरज नाही. जड असतो, महाग असतो. ते पैसे चांगल्या कव्हरवर घाला.

लांबी: इथं घाई नको

बाजारातला शाफ्ट जसाच्या तसा क्वचितच बसतो. तो कापावा लागतो, आणि कापायचा आकडा अंदाजाने काढला की एक तर शाफ्ट आत टेकून गिअरबॉक्सला धक्के देतो, नाहीतर चालता चालता दोन तुकडे वेगळे होतात. वेगळा झालेला अर्धा शाफ्ट ५४० फेऱ्यांवर काय करतो हे पाहण्याची वेळ कुणावर येऊ नये.

सपाट जागेवर ट्रॅक्टरला रेक जोडा, शाफ्ट लावू नका. लिफ्ट अगदी हळू वर-खाली करा आणि ठिकठिकाणी इंजिन बंद करून पीटीओच्या दातांवरच्या लॉकच्या खाचेपासून गिअरबॉक्सच्या शाफ्टवरच्या खाचेपर्यंत अंतर मोजा. दोन आकडे लिहून ठेवा: सर्वांत कमी आणि सर्वांत जास्त. सर्वांत कमी अंतर लिफ्ट खाली असतानाच येईल असं नाही. बऱ्याचदा दोन्ही शाफ्ट एका पातळीत येतात त्या मधल्या उंचीवर ते सापडतं.

समजा सर्वांत कमी ६२० मिलिमीटर आलं आणि सर्वांत जास्त ७४०. शाफ्ट पूर्ण मिटल्यावरही निदान २५ ते ३० मिलिमीटर जागा मोकळी राहिली पाहिजे. म्हणजे मिटलेली लांबी ५९० हवी. दुकानातून आणलेला शाफ्ट मिटवून ७१० भरला, तर १२० मिलिमीटर कापायचे.

कापताना चारही तुकडे सारखे कापायचे: आतली नळी १२०, बाहेरची नळी १२०, आतलं कव्हर १२०, बाहेरचं कव्हर १२०. एकच नळी कापली की शाफ्ट तिथंच आत टेकतो, आणि कव्हर न कापता सोडलं की पहिल्या उचलीलाच फुटतं.

आता उलट तपासणी. कापल्यावर नळ्या समजा ३७० मिलिमीटरच्या उरल्या. पूर्ण मिटलेल्या स्थितीत एकात एक ३७० असतात. सर्वांत लांब अंतर ७४० वर शाफ्ट ५९० पासून १५० ने बाहेर येतो, म्हणजे एकात एक २२० मिलिमीटर राहतात. हे निम्म्याहून जास्त आहे, छान. कामाच्या स्थितीत निम्मी नळी आत असावी आणि सर्वांत लांब स्थितीतही तिसऱ्या हिश्शाच्या खाली जाऊ नये. ही तपासणी नापास झाली तर तो शाफ्ट त्या रेकसाठी नाहीच. लांब नळ्यांचा दुसरा घ्या. वेल्डिंग करून नळी वाढवू नका. वेल्डने ती वाकडी होते, वाकडा शाफ्ट थरथरतो आणि थरथर सगळ्या बेअरिंगांना लागते.

काप ग्राइंडरने घेतला तरी चालेल, पण काटकोनात हवा. मग नळीच्या कडा आतून-बाहेरून कानसने साफ करा, भुगा फडक्याने पुसून काढा, आतल्या नळीला ग्रीस लावा आणि हाताने मागे-पुढे सरकवून बघा. कुठंही अडकता कामा नये. ही सरकण गुळगुळीत नसेल तर काम करताना शाफ्ट सरकण्याऐवजी लोटतो आणि तो लोट थेट गिअरबॉक्सच्या आणि पीटीओच्या बेअरिंगवर जातो.

परत जोडताना मधले दोन्ही योक एका रेषेत आले की नाही ते बघा. लिंबाच्या आकाराची नळी मुळात दोनच प्रकारे बसते, तिच्यात चूक होत नाही. आपल्याकडे चौकोनी दांड्याचे शाफ्ट भरपूर चालतात आणि चौकोन एक घर फिरवून बसवला की योक ९० अंशांनी चुकतात. मग दोन जॉइंट एकमेकांचा झोका काढून घेण्याऐवजी वाढवतात. नवा क्रॉस टाकून आणल्यावर शाफ्ट जास्तच वाजायला लागला तर आधी हेच तपासा. योग्य जागी दोन्ही तुकड्यांवर पंचाने एकेक खूण करून ठेवा, पुढे कुणीही जोडला तरी चुकणार नाही.

मग जाडी

५४० फेऱ्यांवर एक अश्वशक्ती म्हणजे साधारण १३.२ न्यूटन-मीटर पीळ. ४५ अश्वशक्तीच्या ट्रॅक्टरचा पीटीओ ३८ ते ४० देतो, म्हणजे पूर्ण जोरावर ५२५ च्या आसपास न्यूटन-मीटर. मध्यम जायरो रेकला ओळ लावताना याच्या निम्मंही लागत नाही.

शाफ्ट मालिकांनी ओळखले जातात आणि मालिका क्रॉसच्या मापावरून कळते. कपाचा व्यास आणि समोरासमोरच्या कपांची बाहेरून बाहेर लांबी, ही दोन मापं व्हर्निअरने घ्यायची. २३.८ × ६१.३ मिलिमीटर ही दुसरी मालिका. ५४० वर ती साधारण २० अश्वशक्तीसाठी धरतात. २७ × ७४.६ ही चौथी, साधारण ३५ साठी. ३०.२ × ९२ ही सहावी, ६० च्या पुढेमागे. कंपनीनुसार आकडे थोडे हलतात, म्हणून विकणाऱ्याकडून तक्ता मागा.

वाळलेल्या गवताला, लसूणघासाला लहान रेक असेल तर दुसरी मालिका पुरते. पाचटात मी चौथीच सुचवेन. पाचट जड असतं, त्यात वाढे आणि उसाचे तुकडे असतात, आणि काट्या खोडव्याच्या बुडख्यांना थडकतात. सरासरी ताकद कमी असली तरी झटके खरे आहेत. सहावी मात्र लावू नका. रोटाव्हेटरचा जाड शाफ्ट झटका स्वतः सोसतो आणि जसाच्या तसा रेकच्या गिअरबॉक्सला देतो. मग शाफ्ट शाबूत राहतो आणि गिअरचे दात जातात.

झटका कुठं मुरवायचा

म्हणून शाफ्टला सुरक्षा जोड हवी, आणि ती रेकच्या बाजूला हवी, ट्रॅक्टरच्या बाजूला नाही.

सर्वांत साधी म्हणजे शेअर बोल्ट. जादा भार आला की बोल्ट तुटतो, बाकी सगळं वाचतं. बोल्ट पुस्तिकेत सांगितलेल्या मापाचा आणि ग्रेडचाच घाला. ग्रेड बोल्टच्या डोक्यावर कोरलेला असतो, ८.८ किंवा १०.९ असा. सांगितला ८.८ आणि सारखा तुटतो म्हणून १०.९ घातला, किंवा सळईचा तुकडा ठोकला, की सुरक्षा संपली. बोल्ट सारखा तुटत असेल तर काट्या जमिनीला फार टेकताहेत किंवा ट्रॅक्टर फार पळतोय. दुरुस्ती तिथं करायची.

दुसरी रॅचेट जोड. भार वाढला की ती 'कडकड' आवाज करत घसरते, ड्रायव्हरला लगेच कळतं आणि थांबून अडथळा काढला की परत चालू. पाचटाच्या रेकला मला हीच सर्वांत पटते. वारंवार खाली उतरून बोल्ट बदलावा लागत नाही, त्यामुळे माणूस पळवाट शोधत नाही. आवाज ऐकूनही रेटत राहिलं तर मात्र तिचे दात झिजतात.

तिसरी घर्षण क्लच, रोटाव्हेटरवर असते तशी. ती घसरताना तापते. आजूबाजूला वाळलेलं पाचट असताना तापलेली क्लच मला नको वाटते. आधीच लावलेली असेल तर तिच्यावर बसलेला भुसा रोज काढा, आणि हंगामाच्या सुरुवातीला स्प्रिंग सैल करून एकदा घसरवून घ्या. वर्षभर पडून तिच्या प्लेटा गंजाने चिकटतात आणि चिकटलेली क्लच घसरतच नाही. स्प्रिंग परत मूळ मापावर आणायला विसरू नका.

बेलरच्या शाफ्टमध्ये बहुधा एकाच दिशेने पकडणारी फ्रीव्हील असते, कारण बेलरचं फ्लायव्हील पीटीओ सोडल्यावरही फिरत राहतं. त्याची सुरक्षा जोड बेलरच्या भाराप्रमाणे बसवलेली असते. म्हणून बेलरचा शाफ्ट काढून रेकला आणि रेकचा बेलरला, अशी अदलाबदल करू नका, दात जुळले तरी.

कव्हर

साधा हिशेब करू. शाफ्टचा योक ९० मिलिमीटर व्यासाचा धरला तर त्याचा घेर २८ सेंटिमीटर. सेकंदाला ९ फेऱ्या, म्हणजे सेकंदाला अडीच मीटर कापड गुंडाळलं जातं. पदराचं टोक, ओढणी, धोतराचा सोगा, खांद्यावरचा टॉवेल, ढगळ शर्टाची बाही, काहीही पुरतं. ड्रायव्हर मागे वळून बघेपर्यंत आणि त्याचा पाय क्लचवर जाईपर्यंत सेकंद निघून गेलेला असतो. रेकच्या मागे पाचट सारायला, ओळ नीट करायला आपल्याकडे बायका असतात, बेलरच्या टोळीतली पोरं असतात. त्यांना शाफ्टच्या आसपास जावंच लागतं. कव्हर आहे ते त्यांच्यासाठी.

कव्हर म्हणजे तीन गोष्टी. ट्रॅक्टरच्या पीटीओवरची लोखंडी छत्री, रेकच्या गिअरबॉक्सवरचं झाकण, आणि या दोन्हींत घुसणारं शाफ्टचं प्लॅस्टिकचं कव्हर. दोन्ही टोकांचे शंकू जॉइंटवर पूर्ण यायला हवेत आणि छत्रीच्या आत थोडे घुसायला हवेत. मधली नळी झाकलेली आणि जॉइंट उघडे, असं अर्धं कव्हर कामाचं नाही. कापड जॉइंटलाच अडकतं.

शाफ्ट फिरतो पण कव्हर स्थिर राहतं, कारण ते आतल्या रिंगांवर बसलेलं असतं आणि साखळीने बांधलेलं असतं. ट्रॅक्टर बंद असताना कव्हर हाताने फिरवून बघा, शाफ्टवर मोकळं फिरलं पाहिजे. जड जात असेल तर रिंगेत माती किंवा पाचट अडकलंय. साखळी लिफ्टच्या हालचालीपुरती सैल ठेवून ट्रॅक्टरच्या किंवा रेकच्या स्थिर भागाला अडकवा. शाफ्ट सोडल्यावर साखळीला टांगून ठेवू नका, ती त्या वजनासाठी नसते.

"कव्हर टिकतच नाही, दोन दिवसांत फुटतं" हे सगळीकडे ऐकू येतं. माझा अनुभव असा की फुटणारं कव्हर काहीतरी सांगत असतं. शंकू एका बाजूने चिरला तर उचलताना तो छत्रीवर घासतोय, म्हणजे लिफ्ट जास्त वर जातेय. मधली नळी चेपली तर कव्हर लांब राहिलंय. पूर्ण कव्हर गरागरा फिरून फाटलं तर साखळी नव्हती किंवा रिंग सुकी होती. कारण दुरुस्त केलं की कव्हर हंगाम काढतं. कव्हर काढून टाकल्याने कारण तसंच राहतं आणि शाफ्टही लवकर जातो.

कव्हरमुळे ग्रीस देता येत नाही ही तक्रार मात्र रास्त आहे. म्हणून घेतानाच असं कव्हर बघा ज्यात ग्रीस भरायच्या निपलसमोर भोक किंवा सरकणारी खिडकी आहे.

दुकानात उभं राहून काय बघायचं

योक घडीव लोखंडाचा घ्या. ओतीव योक खडबडीत आणि जाड दिसतो, पण झटक्याला तडकतो. वेल्डिंगची शिवण सलग हवी, नळीभोवती पूर्ण फिरलेली. शाफ्ट सपाट फरशीवर लोळवून बघा, नळी उसळता कामा नये. क्रॉस चारही दिशांना हाताने वळवा. थोडा घट्ट असावा, पण सगळीकडे सारखाच घट्ट. मध्येच अडकत असेल तर कप तिरका बसलाय.

टोकाचं लॉक दाबायच्या पिनचं किंवा ओढायच्या कड्याचं असतं. कड्याचं बरं, त्याला बाहेर आलेलं टोक नसतं. पिनच्या जागी लांब बोल्ट घातलेला शाफ्ट कधी घेऊ नका, कपडा आधी त्या बोल्टालाच अडकतो.

आणि दुकानदाराला विचारा: याचा क्रॉस, याचं कव्हर, याची रिंग तालुक्याला मिळते का? उत्तर 'मागवावं लागेल' असं असेल तर एक क्रॉस आणि एक कव्हर शाफ्टबरोबरच घेऊन ठेवा. हंगामात सुटा भाग मिळाला नाही की लेथवर काहीतरी जमवलं जातं आणि गडबड तिथून सुरू होते.

जुना शाफ्ट घेत असाल तर क्रॉसच्या कपाच्या तोंडाशी बघा. तांबूस-तपकिरी पूड दिसली तर आत ग्रीस संपून सुया गंजल्या आहेत. कप काढता आला तर क्रॉसच्या दांड्यावरून नख फिरवा. नखाला बारीक रेघा लागल्या तर सुयांनी खड्डे पाडलेत आणि तो क्रॉस बदलायचाच. दातांच्या टोकाला योक धरून डावी-उजवीकडे हलवा. खूप ढिला असेल तर तो ट्रॅक्टरच्या पीटीओचे दातही खाईल आणि पीटीओचा शाफ्ट बदलणं हे महागाचं काम आहे.

पहिला दिवस आणि पुढे

शाफ्ट चढवताना लॉक खाचेत बसल्याचा आवाज ऐका, मग मागे ओढून खात्री करा. इंजिन मंद ठेवून पीटीओ जोडा, लगेच पूर्ण वेग देऊ नका. गवताला आणि लसूणघासाला पूर्ण ५४० ची गरजही नसते. वेग कमी ठेवला तर पानं झडत नाहीत आणि शाफ्टही निवांत चालतो. पाचटातही ओळ नीट लागते तेवढाच वेग ठेवा.

पहिल्या तासानंतर पीटीओ सोडा, इंजिन बंद करा, चावी खिशात घाला, शाफ्ट थांबलेला डोळ्यांनी पाहा आणि मगच हात लावा. जॉइंट कोमट असेल तर ठीक. हात ठेवता येत नाही इतका तापला असेल तर कोन किंवा ग्रीस यांपैकी एक चुकलंय. जॉइंटभोवती गुंडाळलेली पाचटाची दोरी चाकूने कापून काढा. ती रिंग तापवते, आणि तापलेली रिंग वाळल्या पाचटात आगीला निमंत्रण आहे. चालू शाफ्ट ओलांडून पलीकडे जायचं नाही, हे टोळीतल्या प्रत्येकाला कामाच्या आधी सांगा. दोन पावलं जास्त पडली तरी रेकला वळसा घालून जायचं.

ग्रीस लिथियमचं, दोन नंबरचं चालतं. क्रॉसला दिवसाच्या कामानंतर, म्हणजे साधारण ८ तासांनी. सरकणाऱ्या नळीला आणि कव्हरच्या रिंगांना दोन-तीन दिवसांतून एकदा. काही नव्या शाफ्टांना ५० तास किंवा त्याहून जास्त मुदत दिलेली असते. तसं पुस्तिकेत लिहिलं असेल तर ते पाळा, पण पाचटाच्या धुळीत मी मुदत निम्मी धरतो. ग्रीस दिवस संपल्यावर, शाफ्ट गरम असताना द्या. चारही कपांतून ग्रीस डोकावलं पाहिजे. एका कपातून येत नसेल तर क्रॉस हाताने हलवत परत द्या, कारण कोरडा राहिलेला तो एक कपच बाकीच्यांना घेऊन जातो.

हंगाम संपला की शाफ्ट रेकवर उघड्यावर सोडू नका. दोन्ही तुकडे वेगळे करा, जुनं ग्रीस पुसून नवं लावा, दातांना आणि लॉकला तेलाचा हात द्या आणि छपरात आडवा ठेवा. कव्हरला चीर दिसली तर नवं आत्ताच मागवा, ऊसतोड सुरू व्हायच्या तोंडावर ते मिळत नाही. नळीला पीळ पडलेला दिसला, योकला केसाएवढी चीर दिसली किंवा नळी वाकली असेल, तर तो शाफ्ट सरळ करून घेऊ नका आणि दुसऱ्याला विकूही नका. नळी मधोमध कापून भंगारात द्या.